जर्मन नटाचं राहून गेलेलं मरण

मला मरायला चांगलं येतं. हे मी स्वतःच्या तोंडानं सांगतोय म्हणून कुणी नाक मुरडू नये. आमच्या वाळवा तालुक्यात कुणालाही विचारून घ्यावं. गावच्या यात्रेत नाटक असलं की दुसऱ्या अंकात मी मरणार, हे ठरलेलं. कधी दरोडेखोराचा साथीदार, कधी पाटलानं पोसलेला गुंड, कधी फितूर किल्लेदार. नायकाचं काम आमच्या गावात सोसायटीच्या चेअरमनच्या घराबाहेर कधी गेलं नाही. मग नायकाच्या हातून मरायचं काम तरी असं करावं की घरी जाताना लोकांनी आपलंच नाव घ्यावं, असं मी मिसरूड फुटायच्या वयातच ठरवून टाकलं.

बाकीचे नट धाडकन पडायचे. धाडकन पडलेल्याला लोक हसतात. मी आधी गुडघा सोडायचो, मग मान, आणि हात अगदी शेवटी. हात खाली येईपर्यंत मांडवातलं तान्हं पोरसुद्धा गप्प. आणि हात फळीला लागला की मागच्या झाडावर बसलेल्या टारगटांची आरोळी यायची, वन्समोअर! आमच्याकडं मरणालाही वन्समोअर मिळतो. मेलेला उठतो, धोतर झटकतो, नायकाला तलवार पुन्हा उगारायला लावतो आणि पहिल्यापासून मरतो. शहरातल्या माणसांना हे सांगितलं की ती कपाळाला हात लावतात. लावू देत. गाणाऱ्याला पुन्हा गायला लावता, मग मरणाऱ्यानंच काय घोडं मारलंय? आलेला वन्समोअर मी कधी परत पाठवला नाही.

नोकरी फौजेत. सुट्टी यात्रेला जुळवून घेण्यासाठी साहेबांपुढं काय काय थापा मारल्या ते पेन्शन चालू असल्यामुळं इथं लिहीत नाही. एवढं सांगतो की आमच्या घरात जेवढ्या म्हाताऱ्या नव्हत्या तेवढ्या मी आजारी पाडल्या.

लग्नानंतरची पहिली यात्रा. कारभारीण कवठे महांकाळकडची. तिच्या माहेरच्या गावाला पाऊस म्हणजे वाट चुकलेला पाहुणा, आणि नाटक तर तिनं जन्मात बघितलेलं नाही. धनगरांचं गजीनृत्य आणि ओव्या, एवढीच तिकडची करमणूक. हळद उतरायच्या आत मी सीमेवर गेलो आणि वर्षभरानं यात्रेला परतलो. वर्षभर ही बाई देवापुढं दिवा लावून माझा जीव मागत होती. आणि मी घरी येऊन केलं काय, तर तिच्या डोळ्यांदेखत स्टेजवर मेलो. तिला आधी कुणी सांगितलंच नव्हतं. सगळ्यांना वाटलं, नाटक म्हणजे नाटक, त्यात सांगायचं काय?

माझा गुडघा गेला, मान गेली. हात खाली यायच्या आत ती बायकांच्या घोळक्यातून उठली, स्टेजवर चढली आणि पायातली चप्पल काढून चेअरमनच्या पोराला, म्हणजे आमच्या नायकाला, असा काही चोप दिला की त्याचा मुकुट विंगेतल्या प्रॉम्प्टरच्या मांडीत जाऊन पडला. मी आपला मेलेला. मध्येच उठून सांगायचं तरी कसं? शेवटी उठलो तेव्हा ती माझ्याकडं बघून जे ओरडली, ते अजून कानात आहे. आणि गावानं काय करावं? गावानं तिलाच वन्समोअर दिला.

त्या दिवसापासून तिनं नाटकाच्या मांडवात पाऊल ठेवलं नाही. नदीवर धुण्याला गेली की बायका पदर तोंडाला लावून विचारायच्या, चप्पल कुठल्या हातानं मारली गं? मी सुट्टीवर आलो आणि तालमीला निघालो की ती मला एकच वाक्य ऐकवायची. "तिकडं मरू नका म्हणून म्या उपास धरायचं, आन तुमी हितं येऊन फुकट मरायचं. मला न्हाई बघवत."

मला राग यायचा, पण ती खोटं कुठं बोलत होती? पण नटाच्या जिवाला एक खोड असते. साऱ्या पंचक्रोशीनं माझं मरण बघितलं, आणि घरातल्या माणसानं तेवढं अर्धंच बघितलं. हात खाली येईपर्यंत तिनं एकदा बसून बघावं, यापलीकडं मला या धंद्यातून काही नको होतं. मी तिला साडीचं आमिष दाखवलं, देवाची शपथ घातली, एकदा तर चार दिवस अबोला धरला. तिला तो अबोला इतका मानवला की पाचव्या दिवशी मलाच तोंड उघडावं लागलं.

फौजेतून सुटलो, ऊस लावला, पोरं मार्गी लागली. साताऱ्याकडं आता मालिकांचं शूटिंग बारमाही चालतं, आणि तिकडं म्हाताऱ्या चेहऱ्यांना भाव आहे. एका मित्रानं व्हॉट्सअॅपवर माझा फोटो पाठवला आणि मला काम मिळालं. काम काय, तर तिरडीवर झोपायचं. मी नायिकेचा चुलता. नायिका माझ्यावर पडून रडायची, मध्येच एक मुलगी येऊन तिचे अश्रू पुसून नवे घालायची. जेवणाची सुट्टी झाली तसे सगळे पिठलं-भाकरीवर तुटून पडले, आणि मी तिरडीवर बांधलेला तसाच. घोरण्याचा आवाज आला तेव्हा त्यांना माझी आठवण झाली. तो भाग घरी टीव्हीवर लागला, तर कारभारणीनं टीव्ही बंद केला आणि मेथी निवडायला घेतली.

त्या शूटिंगवर एक दाढीवाला पोरगा दिग्दर्शकाच्या हाताखाली होता. मूळचा सांगलीचा, पुण्याला नाटक शिकून आलेला. दोरी सोडता सोडता तो मला म्हणाला, की काका, इतका मनापासून मेलेला माणूस मी आजवर बघितला नाही. त्याला हौशी नाट्यस्पर्धेसाठी नाटक बसवायचं होतं, आणि त्यात मुख्य काम मी करावं असं त्याच्या मनात आलं होतं. मुख्य काम! मी तिरडीवर उठूनच बसलो. काम कुणाचं, विचारलं, तर म्हणाला, एका जर्मन नटाचं.

आता मी ऊसकरी माणूस, मला जर्मन कुठून ठाऊक असणार? पोरगा म्हणाला, तुमचे डोळे घारे आहेत, बाकीचं मी बघतो. मग त्यानं मला त्या नटाची सगळी कुंडली सांगितली. खराखुरा माणूस, पण नाव आपल्याकडं कुणाला ठाऊक नाही, आणि त्याच्या देशातही आता म्हाताऱ्याकोताऱ्यांनाच असेल. लहान गावातल्या नाटक कंपनीत राजाच्या मागं भाला धरून उभं राहण्यापासून त्यानं सुरुवात केली. मग लढाई झाली, शहरं जमीनदोस्त झाली, थिएटरांची छपरं उडाली. लढाईनंतर पडक्या हॉलमध्ये नाटकं परत सुरू झाली तेव्हा लोक तिकिटाऐवजी कोळसा घेऊन यायचे, म्हणजे शेगडी पेटेल आणि नाटक संपेपर्यंत कुणी गारठणार नाही. हे ऐकल्यावर मला तो माणूस एकदम शेजारच्या गावचा वाटायला लागला.

मग सिनेमे आले. पन्नास-साठच्या दशकात तिकडं डोंगरदऱ्यांचे आणि खुनाबिनाचे सिनेमे धबाधबा निघत होते. आमच्या नटाला त्यात काम मिळालं, आणि काम ठरलेलं. मरायचं! कधी लबाड उमराव होऊन विष प्यायचा, कधी चोरटा शिकारी होऊन कड्यावरून पडायचा, कधी गुप्तहेर होऊन धुक्यात गोळी खायचा. नायक वेगळा, नायिका वेगळी, मरणारा हाच. पोरग्यानं मला मोबाइलवर त्याचे तुकडे दाखवले. भाषेचं एक अक्षर कळत नव्हतं, पण त्या बाबाला गुडघा सोडताना बघितलं आणि मी खुर्चीतून उठून मुजरा केला. त्याला कुणी शिकवलं असेल? कड्यावरून पडताना मात्र तो जरा घाई करायचा, एवढा दोष मी काढला. पोरगा म्हणाला, काका, तिथं त्याच्याऐवजी बाहुली टाकलेली असायची.

सिनेमात मरून मरून पैसा मिळाला तरी तो दर हिवाळ्यात आपल्या गावच्या स्टेजवर परत यायचा. तिथं मात्र त्याला हसवायची कामं मिळायची, आणि गाव त्याला डोक्यावर घ्यायचं. म्हातारा झाल्यावर तळ्याकाठी घर घेतलं, सफरचंदाची झाडं लावली, बायकोबरोबर राहिला आणि भरपूर वय झाल्यावर अंथरुणात झोपेत गेला. इतक्या वेळा मेलेला माणूस खरा मेला तेव्हा बघायलासुद्धा कुणी नव्हतं. मला ते फार आवडलं.

पोरग्याला ते अजिबात आवडलं नव्हतं. त्यानं नाटकात शेवट बदलून ठेवला होता. म्हातारा नट शेवटच्या प्रयोगात खुर्चीवर बसून खराखुरा मरतो, आणि प्रेक्षक अभिनय समजून टाळ्या वाजवत राहतात. मी म्हटलं, बाबा, तो तर घरी सफरचंदं खाऊन गेला, तू त्याला स्टेजवर का मारतोस? तो म्हणाला, नाट्यसत्य वेगळं असतं. नाट्यसत्य हा शब्द ऐकला की मी गप्प बसायचो. शिकलेल्या माणसाला उलट विचारलं की तो आणखी दोन शब्द काढतो. आणि खरं सांगायचं तर मला मरण हवंच होतं. आयुष्यात पहिल्यांदा तिसऱ्या अंकापर्यंत जिवंत राहून, सगळ्या लायटी माझ्यावर असताना मरायचं, याला कोण नाही म्हणेल?

तालमी सांगलीत. मी रोज दुपारी एसटीनं जायचो. माझ्या जर्मन बायकोचं काम करणारी बाई बँकेत नोकरीला होती, शिस्तीची, मला काका म्हणायची आणि नाटकात मात्र 'प्रिये' ऐकून घ्यायची. पोरग्यानं माझी भाषा धुऊन काढायला घेतली. 'न्हाई' म्हणायचं नाही, 'नाही' म्हणायचं. 'व्हय' नव्हे, 'होय'. मी म्हणायचो, जर्मन माणूस मराठी बोलतोय हे चालतं, मग तो सांगलीकडचं बोलला तर काय बिघडलं? पण त्यात माझं काही चाललं नाही.

पोरग्यानं आणखी एक अट घातली. स्पर्धेत वन्समोअर घ्यायचा नाही. आमच्या गावातून क्रूझर भरभरून माणसं येणार हे त्याला कळलं होतं, आणि ती येऊन काय करणार हेही. काही झालं तरी मेलेलं राहायचं, असं त्यानं मला वचन द्यायला लावलं. मी वचन दिलं खरं. वन्समोअर येतोय आणि आपण पडून राहतोय, ही काय माणसाची रीत झाली?

एका दुपारी शेवटच्या प्रवेशाची तालीम चालली होती. खुर्चीवर बसलो आणि छातीत असं काही आवळलं की बोलायचं वाक्यच गेलं. मी छातीवर हात दाबला, वाकलो, घामानं निथळायला लागलो. पोरगा खुर्चीवरून उडी मारून उठला आणि टाळ्या वाजवायला लागला. वा काका, हेच पाहिजे मला, हेच! बरं, सांगायला तोंड उघडत नाही. बँकेतल्या बाईनं जवळ येऊन माझ्या कपाळाला हात लावला म्हणून वाचलो. तिनंच मला तिच्या गाडीत घालून दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी रक्तवाहिनीत स्प्रिंग बसवली. आठवड्याभरानं पोरगा फळं घेऊन भेटायला आला, पाया पडला, रडलासुद्धा, आणि जाता जाता दारात घुटमळून म्हणाला, की काका, बरे झाल्यावर शेवट तसाच करता येईल का, त्या दिवशी केला होता तसा? हसल्यानं टाके दुखतात असं म्हणणार होतो, पण स्प्रिंगेला टाके नसतात.

कारभारीण गावाहून आली ती दवाखान्याच्या बाहेरच्या बाकड्यावर बसून राहिली. मला वाटलं, आता नाटक बंद, काही बोलायची सोय राहिली नाही. तसं झालं नाही. डॉक्टरांनी तपासून काम करायला परवानगी दिली, तेव्हाही तिनं अडवलं नाही. गोळ्या वेळेवर द्यायची, तेल कमी घालायची, आणि माझ्याकडं अशी बघत राहायची की मला आपण काही चोरलंय की काय असं वाटायचं.

स्पर्धेला थोडे दिवस उरले तेव्हा एका सकाळी चहा देता देता तिनं सांगितलं की ती सांगलीला येणार आहे. मला वाटलं, सांगलीत काही खरेदी असेल. ती म्हणाली, "खरेदी न्हाई. नाटकाला येणार हाय. शेवटपातूर बसणार हाय."

माझ्या हातातला चहा सांडला तो थेट मांडीवर. भाजलेलंही कळलं नाही. मी गोठ्यात जाऊन म्हशीला सांगून आलो, दुसरं कुणी जवळ नव्हतं. एवढ्या वर्षांनी कोंबडं आरवलं होतं. मग मी दुप्पट जोरानं तालमी करायला लागलो. खुर्चीवर मान टाकायची कशी, टोपी गळून पडायची कधी, हात खुर्चीच्या दांड्यावरून घसरायचा किती सावकाश, सगळं परत परत बसवलं. पोरग्याला वाटलं, काका स्पर्धेसाठी जीव काढतायत. स्पर्धा गेली खड्ड्यात.

आमचा प्रयोग दुपारचा लागला. गाव दोन क्रूझर आणि एका टेंपोतून आलं आणि मागच्या रांगा अडवून बसलं. विंगेतून मी पडदा बाजूला करून बघितलं. पुढं परीक्षक, वह्या आणि पाण्याच्या बाटल्या घेतलेले. त्यांच्यामागं तिसऱ्या रांगेत कडेला कारभारीण, लग्नकार्याची हिरवी साडी नेसून, हातात काही नाही, पाठ ताठ. तिच्या शेजारची खुर्ची तिनं मोकळी ठेवलेली, बहुतेक कुणी बोलायला बसू नये म्हणून.

नाटक रंगलं. लबाड उमराव झालो, विष प्यालो, लोकांनी टाळ्या दिल्या. कड्यावरून पडलो, तर मागून कुणीतरी माझं नाव घेऊन शिट्टी मारली. पण ही मरणं सिनेमातली, खोटी, चटकन होणारी. कोळशाचा प्रवेश आला तेव्हा मांडव, म्हणजे ते थिएटर हो, असं शांत झालं की पंख्याचा आवाज ऐकू यायला लागला. माझ्या तोंडून एकदाही 'न्हाई' गेलं नाही की 'हाय' गेलं नाही. पोरगा विंगेत देवाला हात जोडत होता.

आणि शेवटचा प्रवेश आला. मी खुर्चीवर बसलो. बँकेतल्या बाईनं, म्हणजे जर्मन बायकोनं, माझ्या खांद्यावर हात ठेवला. लायटी कमी कमी होत माझ्यावर आल्या. ठरलं होतं असं, की माझी मान पडली की लाइटवाल्यानं हळूहळू अंधार करायचा. माझी मान हा त्याचा इशारा. मी श्वास आत घेतला, छातीवर हात नेला, आणि मान टाकायच्या आधी एकदाच, चोरून, तिसऱ्या रांगेकडं बघितलं.

ती खुर्चीच्या कडेला आली होती. दोन्ही हातांनी पुढची खुर्ची घट्ट धरलेली. डोळे उघडे, इतके उघडे की तिला ते मिटताच येत नसावेत. आणि ओठ हलत होते. काहीतरी म्हणत होती, बहुतेक देवाचं नाव. एवढ्या यात्रा, एवढे गुडघे, एवढे वन्समोअर, आणि मला कधी असं वाटलं नव्हतं. माझ्याच्यानं मरवेना. सांगतो तुम्हाला, अंगात होतं नव्हतं तेवढं बळ लावलं तरी मान खाली जाईना. मानेचं काम आयुष्यभर केलेला माणूस मी, आणि मानच अडली.

मग जे झालं ते मी ठरवून केलं नाही. मी छातीवरचा हात काढला, टोपी नीट डोक्यावर बसवली आणि उठून उभा राहिलो. बँकेतल्या बाईचा हात हवेतच राहिला. मी तिला म्हणालो, "चल, घरला जाऊ. सफरचंदं काढायची राहिल्यात." जर्मन नटानं आख्ख्या नाटकात सांभाळलेली भाषा तिथं सुटली. बाई मात्र पक्की. एक क्षण तिनं माझ्याकडं बघितलं आणि म्हणाली, चला. आम्ही दोघं हातात हात घालून चालत विंगेत निघून गेलो.

लाइटवाला बिचारा माझ्या मानेची वाट बघत बसलेला. मान पडली नाही म्हणून त्यानं अंधार केला नाही. रिकाम्या खुर्चीवर झगझगीत उजेड, पडदा ओढणारा तोंड उघडं टाकून उभा, आणि आख्खं थिएटर त्या खुर्चीकडं बघतंय. मग मागच्या रांगेतून आमच्या गावच्या एका दूधवाल्याचा आवाज आला. "आवं, मरा की!" त्याच्यामागून दुसरा, तिसरा. एवढं डिझेल जाळून माणसं मरण बघायला आली होती, त्यांचं तरी काय चुकलं? शेवटी पोरग्यानंच जाऊन पडदा पाडला, आणि पडद्यामागं खाली बसून डोकं धरलं.

निकाल नंतर लागला. परीक्षकांनी लिहिलं की मृत्यूला पाठ दाखवून जगण्याकडं नेणारा धाडसी शेवट, आणि दिग्दर्शनाचं बक्षीस पोरग्याला मिळालं. आता तो मुलाखतीत सांगतो की हा शेवट त्याला पहिल्यापासूनच सुचलेला होता. मला अभिनयाचं काही नाही. मी त्याला अजून फोनवर विचारतो, काय रं गड्या, नाट्यसत्य बरं हाय न्हवं?

पण त्या दिवशी मी कारभारणीबरोबर क्रूझरमध्ये बसून परत आलो तेव्हा मला वाटत होतं की मी तिच्यासाठी केवढं मोठं काम केलंय. पूर्ण रस्ताभर गावानं मला शिव्या घातल्या, आणि ती खिडकीबाहेर उसाकडं बघत बसली. घरी आल्यावर तिनं साडी बदलली, पीठ काढलं आणि भाकऱ्या थापायला बसली. मी दाराशी टेकून बसलो आणि वाट बघत राहिलो. ती खूश असेल, बोलेल. शेवटी मीच विचारलं, कसं वाटलं?

ती म्हणाली, "तुमी मेला न्हाई."

मी म्हटलं, तुझ्याकडं बघितलं आणि मरवेना. तुला बघवत नाही ना, म्हणून.

तिनं भाकरी तव्यावर टाकली, पाणी लावलं, हात धुतले. मग माझ्याकडं न बघता बोलली.

"दवाखान्याच्या बाकड्यावर बसलेली तवा माझं हातपाय गळालं. काय करायचं त्ये सुदरना. मग म्हटलं, ह्ये जलमभर मरत आल्यात, आपुनच कवा बघितलं न्हाई. एकदा डोळं उघडं ठिवून शेवटपातूर बघून ठिवावं. म्हंजी पुढं खरंच येळ आली तर घाबरायचं न्हाई. लय मन घट्ट करून आलते मी. आन तुमी उठून सफरचंदं काढाय गेला."

ती मला बघायला आली होती, पण माझं नाटक बघायला नव्हे. मी तिच्या भीतीला घाबरून पळालो, आणि ती तीच भीती हातात घेऊन तिसऱ्या रांगेत बसली होती. माझ्या छातीत कळ आली, ती स्प्रिंगेची नव्हती.

तव्यावरची भाकरी तिनं उलटली, फुगवली, टोपलीत टाकली. मी उठलो आणि स्वयंपाकघरातल्या भिंतीशी लावलेल्या लाकडी खुर्चीवर जाऊन बसलो. तिला म्हटलं, बघ इकडं. तिनं गॅस बारीक केला, पदराला हात पुसले आणि समोर येऊन बसली, मांडी घालून, पाठ ताठ. टाळ्या नव्हत्या, लायटी नव्हत्या, झाडावर कुणी टारगट नव्हतं. मी छातीवर हात नेला. डोळे मिटले. मान टाकली, सावकाश, जशी आयुष्यात कधी टाकली नव्हती. हात खुर्चीच्या दांड्यावरून घसरत खाली आला आणि लोंबत राहिला.

गॅसचा बारीक आवाज येत होता. बऱ्याच वेळानं ती म्हणाली, "हां. असं हाय व्हय." आवाज शांत होता, अगदी शांत. मग म्हणाली, "उठा आता, भाकरी गार हुतीया."

मी उठलो नाही. रडू दाटून आलं होतं आणि डोळे उघडले असते तर ते तिला दिसलं असतं. तिनंही दुसरी भाकरी टाकली नाही. मला ती जमिनीवरून जवळ सरकल्याचं कळलं. माझा लोंबता हात तिनं उचलून आपल्या हातात घेतला आणि तशीच बसून राहिली.